लाखेवरचं ओलं फडकं

मित्रांनो, मी एक जुनं पितळी कुलूप आहे. सध्या माझा मुक्काम लिंबोणीच्या एका फांदीवर आहे. कुलूप दाराला असावं, फार तर कोनाड्यात गंजत पडावं, ते झाडावर कशाला चढलं, असं तुम्हाला वाटेल. तुमचं चूक नाही. माझ्या आयुष्यात जे घडलं त्यातलं निम्मं मलाच अजून उमगलेलं नाही. उमगलं तेवढं सांगतो.

हैदराबाद राज्य मोडून आमचा मुलूख म्हैसूर राज्यात गेला, त्याच्या पुढच्या वर्षी मी जन्मलो. आठवडी बाजाराच्या तोंडाशी महबूबसाब कारागिराचं दुकान होतं. त्याने माझं पितळ ओतलं, आतल्या पट्ट्या कानसेने घासून घासून बसवल्या आणि तिळाच्या तेलात मला एक दिवस बुडवून ठेवलं. माझं गिऱ्हाईक म्हणजे दोन भाऊ. थोरले जयतीर्थराव, धाकटे अच्युतराव. दोघांना वेगवेगळं उघडता येईल असं एक कुलूप त्यांना हवं होतं. मला त्यांच्या हाती देताना महबूबसाब म्हणाला, "चाब्यां दो, पन दिल एकच रखा मैं इसका." हे ऐकून मी फुगलोच होतो.

निंबर्गा आणि मादन हिप्परगा यांच्या मधल्या शिवारात या भावांची जमीन होती आणि जमिनीच्या मधोमध विहीर. त्यांच्या आजोबांनी विहिरीभोवती पुरुषभर उंचीची दगडी भिंत बांधून घेतली होती. भिंतीला सागवानी दार एकच. त्या दाराला मला लावलं. चार दिवस थोरल्याची पाळी, पुढचे चार दिवस धाकट्याची. ज्याची पाळी तो सकाळी मला उघडी, इंजिन चालवी, दुपारी जेवायला जाताना लावून जाई आणि उन्हं कलली की पुन्हा येऊन उघडी. आल्यागेल्या पाहुण्याला अच्युतराव मला हलवून दाखवत. "बघा, पंधरा वर्षं झाली, एकदा अडकलं नाही." विहिरीला भिंत कशाला, हा प्रश्न मला त्या वर्षांत कधी पडला नाही. भिंतीबाहेर रिकाम्या घागरी घेऊन बाया ताटकळत उभ्या असत आणि आतून कोणी वरून पाणी ओते. तेही मी रोज पाहत होतो. रोज पाहिलेल्या गोष्टीचं नवल वाटत नाही, हे खरं.

पुढे राज्याचं नाव कर्नाटक झालं. जयतीर्थरावांचा मुलगा हैदराबादला नोकरीला लागला आणि वडिलांना घेऊन गेला. जाण्याआधी त्यांनी आपला अर्धा हिस्सा, निम्म्या विहिरीसकट, ज्ञानोबाला विकला. ज्ञानोबा गावच्या बौद्ध वस्तीतला. छप्पन्न साली त्याच्या बापाने दीक्षा घेतली तेव्हा हा पंधरा वर्षांचा होता. पुढची वीस वर्षं शहाबादच्या खाणीत फरशी काढून त्याने ही जमीन घेतली. भिंतीबाहेर घागर घेऊन ताटकळणाऱ्या बायांत त्याची आई असे. तिला मी ओळखत होतो. तिचं नाव मात्र मला ठाऊक नव्हतं.

जयतीर्थरावांची किल्ली ज्ञानोबाने करदोड्याला बांधली. पहिल्या दिवशी तो बायकोला, विमलबाईला, घेऊन आला. विमलबाईने आत जाऊन विहिरीत डोकावून पाहिलं. बराच वेळ पाहिलं. मग म्हणाली, "एवढंच व्हय? मला वाटलं, आत काय तरी येगळंच असंल."

त्या पावसाळ्यात तिने लिंबोणीची चाळीस रोपं लावली. खड्डे ज्ञानोबाने खणले, पण रोपं तिची. एकेका रोपाशी ती लेकराशी बोलावं तशी बोले. लिंबोणीला पहिली तीन-चार वर्षं उन्हाळ्यात पाणी तुटून चालत नाही. एवढं एक जपलं की पुढे ती पिढीभर लिंबं देते.

अच्युतराव तहसील कचेरीतून अव्वल कारकून म्हणून निवृत्त झाले होते. त्यांचं इंग्रजी पक्कं, कायद्याची भाषा तोंडपाठ. भावाने न विचारता हिस्सा विकला, हा त्यांचा राग. हैदराबादच्या अमलापासून आमच्याकडे हक्कशुफा म्हणून एक चाल होती. वाटेकऱ्याने आपला हिस्सा विकायचा तर आधी दुसऱ्या वाटेकऱ्याला विचारायचं. तिचा आधार घेऊन त्यांनी तालुक्याच्या कोर्टात दावा लावला. ज्ञानोबाची खरेदी रद्द करा आणि त्याला विहिरीवर येऊ देऊ नका, अशी मागणी केली. वरचं कारण हे. आतलं कारण त्या भिंतीला ठाऊक होतं.

दाव्याचा निकाल लागेपर्यंत कोर्टाने एक हुकूम काढला. आता नीट ऐका, कारण सगळा घोटाळा इथून पुढे आहे.

हुकूम बजावायला अमीन आला. अमीन म्हणजे कोर्टाचा हुकूम जागेवर येऊन अमलात आणणारा माणूस. सिद्धलिंगप्पा त्याचं नाव. भर दुपार होती. ज्ञानोबा जेवायला घरी गेलेला, त्यामुळे मी बंद. हुकूम इंग्रजीत टाइप केलेला होता. सिद्धलिंगप्पाचं कन्नड उत्तम, पण इंग्रजीशी त्याचं जमत नव्हतं. त्याने कागद तिथे आलेल्या अच्युतरावांपुढे धरला आणि म्हणाला, "रावसाब, काय म्हनतंय जरा बघा की." अच्युतरावांनी चष्मा लावला. "दावा संपेपर्यंत जैसे थे ठेवावं," असं त्यांनी वाचून दाखवलं. मग खालच्या ओळीवर त्यांचं बोट आलं आणि तिथे थांबलं. क्षणभर तसंच राहिलं. नंतर त्यांनी कागदाची घडी घातली. मला इंग्रजी येत नाही, पण बोट थांबलेलं मी पाहिलं.

जैसे थे. म्हणजे आहे तसं. सिद्धलिंगप्पाने माझ्याकडे पाहिलं. मी बंद होतो. म्हणजे आहे तसं ठेवायचं तर बंद ठेवायचं! त्याने काडी पेटवली, लाल लाख वितळवली, माझ्या किल्लीच्या भोकावर ओतली आणि वर कोर्टाचा शिक्का दाबला. पंचनाम्यात लिहिलं, 'कुलूप बंद स्थितीत आढळले.' तो आणखी तासाभराने आला असता तर मी उघडा आढळलो असतो, आणि मग बिचाऱ्याने काय केलं असतं कोण जाणे.

ज्ञानोबा जेवून आला तो लाख बघून जागीच थबकला. त्याच्या वकिलांनी हुकूम न वाचता, नुसत्या पंचनाम्यावरून, तालुक्याच्या कोर्टात अर्ज टाकला की अमीन चुकला, शिक्का काढा. त्याला मात्र बजावलं, "अर्जाचा निकाल लागेपर्यंत लाखेला नख लावू नका. लावाल तर कोर्टाची बेअदबी होईल." तिकडे अच्युतरावांनी मूळ हुकमावर जिल्ह्याला अपील केलं. शिक्का मोडण्याची धास्ती त्यांनाही होती, म्हणून त्यांनीही आपली किल्ली खुंटीला टांगली. विहिरीत पाणी, दोघांकडे किल्ल्या आणि मधे मी. अशा वेळी कुलपाने काय करायचं असतं? मी आपला बंद राहिलो.

मार्च उलटला. रोपांची पानं गळायला लागली. विमलबाई मैलभर लांबच्या ओढ्याच्या वाळूत उकरलेल्या झिऱ्यावरून घागरीने पाणी आणू लागली. घागर झिऱ्यातून भरायलाच अर्धा घंटा लागे. त्यात ज्ञानोबाने काय करावं? कोणी सांगितलं की उन्हाने लाख पघळते. झालं! तो रोज दुपारी विमलबाईच्या घागरीतून तांब्याभर पाणी घेई, एक फडकं भिजवी आणि ते माझ्यावर घाली. वाळलं की पुन्हा भिजवी. कोर्टाचा शिक्का शाबूत राहावा म्हणून हा माणूस मला गार ठेवत बसला होता आणि त्याच्या पाठीमागे रोपं करपत होती.

एके दिवशी विमलबाईने घागर दाणकन खाली ठेवली. "किल्ली कमरंला हाय. पानी हिरीत हाय. अन् तुमी फडकी भिजवायलाव! उघडीत कामून न्हाई?"

"कोर्टाचा हुकूम हाय."

"हुकूम पानी पितोय का?"

ज्ञानोबा खाली बसला. "विमल, ह्या भित्तीबाहीर माझी माय उभी ऱ्हायची. आज किल्ली माझ्या कमरंला हाय ती कशानं? कायद्यानं. घरात बाबासाहेबांची तसबीर कशापाई लावली मग? दुसऱ्यांनी मोडला तर मोडू दे. कायदा म्या मोडायचा न्हाई."

तांब्यातलं उरलेलं पाणी जवळच्या रोपाला घालून ती निघून गेली. दोघांत कोण बरोबर, हे मला तेव्हाही कळलं नाही. माझ्या अंगावरचं फडकं गार होतं आणि मला त्याची लाज वाटत होती.

मे महिन्यात ज्ञानोबाला तारखेसाठी तालुक्याला जावं लागलं. त्या दिवशी फडकं भिजवायला कोणी नव्हतं. आमच्याकडचं ऊन तुम्हाला सांगायला नको. माझं पितळ तापत गेलं, इतकं की वर बसलेला कावळा पाय झटकून उडाला. बारानंतर लाख मऊ झाली, एकनंतर ओघळली, दोनच्या सुमारास शिक्का थेंबाथेंबाने उंबऱ्यावर पडला. बेअदबी कोणी केली असेल तर ती मी केली, नाहीतर सूर्याने. पण मला कोणी विचारलं नाही आणि सूर्याला नोटीस बजावता येत नाही.

अच्युतरावांनी ते पाहिलं आणि थेट बंगळूरच्या मोठ्या कोर्टात ज्ञानोबावर अवमानाची याचिका लावली. त्याने शिक्का फोडला म्हणून त्याला तुरुंगात टाका, अशी. सिद्धलिंगप्पा पुन्हा आला. त्याने माझा पंचनामा केला, मला दारावरून काढलं, पुरावा म्हणून कापडी पिशवीत शिवलं आणि अच्युतरावांच्या वकिलांच्या हवाली केलं. आणि माझ्या जागी दाराला काय बांधलं असेल? सुतळी! सुतळीची गाठ आणि गाठीवर लाख. पितळेच्या कुलपाने तेवीस वर्षं राखलेलं दार आता हातभर सुतळी राखणार. एवढा अपमान माझा कोणी केला नव्हता, पण त्यासाठी कोणत्या कोर्टात जायचं ते मला माहीत नव्हतं.

पिशवीत शिवलेल्या अवस्थेत मी एक वर्ष काढलं. दिसत काही नव्हतं, ऐकू मात्र येई. तालुक्याच्या कोर्टात ज्ञानोबाचा अर्ज निघाला की सांगत, प्रकरण बंगळूरला आहे, तिथलं होऊ द्या. जिल्ह्याला अपील निघालं की सांगत, तालुक्याला अर्ज आहे, शिवाय बंगळूरलाही आहे. बंगळूरला तारीख पडली की कोणी तरी तालुक्याचे कागद मागवी, आणि ते जिल्ह्याला गेलेले असत. तिन्ही ठिकाणी सगळे एकमेकांसाठी अदबीने थांबले होते. तुमच्यापैकी कोणाला हे समजलं असेल तर मला येऊन सांगा, मी इथेच फांदीवर आहे.

दुसरा उन्हाळाही तसाच गेला. शेवटी जूनच्या अखेरीस बंगळूरला सुनावणी झाली. पाऊस लांबला होता. पिशवी उसवून मला टेबलावर ठेवलं, तेव्हा मी ज्ञानोबाला पाहिलं आणि चरकलो. गालफडं बसली होती. धुतलेला सदरा घालून, हात जोडून तो उभा होता. ज्या कोर्टाचा शिक्का त्याने पाण्याने जपला, त्या कोर्टाचा अपमान केल्याचा आरोप त्याच्यावर होता.

न्यायाधीश वयस्क होते. त्यांनी अच्युतरावांच्या वकिलांना विचारलं, "या हुकमाबद्दल आणखी कुठे काय चालू आहे?" वकील सांगू लागले. तालुक्याला दावा, तिथेच एक अर्ज, जिल्ह्याला अपील. न्यायाधीशांनी चष्मा काढला. "हुकूम मोडला असेल तर ज्या कोर्टाने तो दिला त्यालाच शिक्षा करण्याचा अधिकार आहे. तुमचं अपील पडून आहे. ते सगळे रस्ते सोडून तुम्ही इकडे कसे आलात? कोर्टाचा मान राखण्यासाठी अवमानाचा कायदा आहे. विरोधकाला वाकवायला नाही."

मग त्यांनी मूळ हुकूम हातात घेतला आणि कन्नडमध्ये ज्ञानोबाला विचारलं, "या काळात तुम्ही विहिरीचं पाणी घेतलंत का?"

"न्हाई साहेब, एक थेंब न्हाई," ज्ञानोबा कन्नडमध्येच म्हणाला. त्याला वाटलं, आता तरी शाबासकी मिळेल.

न्यायाधीश गोंधळले. "का नाही घेतलंत? इथे पहिल्या ओळीत जैसे थे लिहिलं आहे. दुसऱ्या ओळीत स्पष्ट म्हटलंय की दोन्ही वाटेकऱ्यांनी वहिवाटीप्रमाणे आपापल्या पाळीला पाणी घेत राहावं. कुलपाला लाख लावा असं या हुकमात कुठेच नाही."

मला ते थांबलेलं बोट आठवलं. मी अच्युतरावांकडे पाहिलं. ते छताकडे पाहत होते.

ज्ञानोबाचे जोडलेले हात हळूहळू सुटले. तो म्हणाला, "मग साहेब, माझी रोपं कुणाच्या हुकमानं वाळली?"

न्यायाधीशांनी याचिका फेटाळली, तालुक्याच्या कोर्टाने अर्ज लगेच ऐकावा असं लिहून दिलं आणि मला, ज्यांनी आणलं त्यांच्याकडे, म्हणजे अच्युतरावांकडे परत करायला सांगितलं. पुढच्या प्रकरणाचा पुकारा झाला. ज्ञानोबाच्या प्रश्नाचं उत्तर मात्र कागदावर आलं नाही.

परतीच्या गाडीत दोघे एकाच डब्यात आले, समोरासमोर. गुंतकल मागे पडलं. मी अच्युतरावांच्या मांडीवर होतो.

"ज्ञानोबा," अच्युतराव म्हणाले, "ती दुसरी ओळ मी वाचली होती."

"मग अमीनाला सांगितली कामून न्हाई?"

"तो म्हणाला बघा, मी बघितलं." थोड्या वेळाने ते पुन्हा म्हणाले, "तू तरी घरी येऊन विचारायचं होतंस. मी खोटं सांगितलं नसतं."

ज्ञानोबाला राग आला नाही. आला असता तर बरं वाटलं असतं मला. तो फक्त म्हणाला, "घरी कुठं येऊ, राव? तुमच्या पायरीवर? आजवर कवा चढू दिलाव?"

अच्युतरावांनी तोंड खिडकीकडे वळवलं. गुलबर्ग्याला ते उतरून गेले आणि मी बाकावरच राहिलो. विसरले की मुद्दाम ठेवून गेले, याचा मी आजही विचार करतो. ज्ञानोबाने मला उचललं आणि सदऱ्याच्या खिशात टाकलं.

शेतावर पोहोचलो तेव्हा विमलबाई भिंतीपाशी बसलेली होती. चाळीसातली नऊ रोपं उरली होती. त्या नऊंना तिने एक वर्ष डोक्यावरून पाणी घालून जगवलं होतं. "काय म्हनलं कोर्ट?" तिने विचारलं.

"पानी कवाच बंद न्हवतं म्हनलं."

ती उठली आणि दाराकडे निघाली. ज्ञानोबा मागून म्हणाला, "थांब गं. सोमवारी अर्ज लागंल. अमीन यिऊन सोडंल ती गाठ."

"सोमवारपतूर ही नऊ थांबतील, असं लिहून दिलंय का कोर्टानं?"

तिने सुतळीला हात घातला. गेल्या पावसात सुतळी कुजून गेली होती. ओढायचीही गरज पडली नाही, बोट लागताच ती तुटून पडली. ज्ञानोबा त्या दोन तुकड्यांकडे खुळ्यासारखा बघत राहिला. एक वर्ष दोन घरं या सुतळीला भिऊन होती. आत इंजिनाचा आवाज आला आणि पाटाला पाणी सुटलं.

पुढे सहा वर्षांनी तालुक्याच्या दाव्याचाही निकाल लागला, ज्ञानोबाच्या बाजूने. तोवर अच्युतराव आपल्या पाळीला गुमान येऊन पाणी घेऊन जात होते. दाराला पुन्हा कोणी कुलूप लावलं नाही. एका पावसाळ्यात दारही पडलं. मी ज्ञानोबाच्या घरात धूळ खात होतो. लिंबोणीची एक फांदी सरळ आभाळात चालली होती. तिला ओझं बांधून वाकवलं की ती पसरते आणि फळ धरते, म्हणून विमलबाईने मला तिच्यावर टांगलं. महबूबसाबने मला राखणीसाठी केलं होतं. आता मी ओझ्याच्या कामाचा आहे आणि या कामात मला पहिल्यापेक्षा जास्त समाधान आहे.

मित्रांनो, शहाण्यांनी लिहिलेल्या कागदांतलं मला अजूनही फारसं कळत नाही. तुम्हाला मात्र एक विनंती आहे. कुठे लाख लावलेली दिसली तर तिला भिण्याआधी तिच्यामागचा कागद मागा आणि शेवटच्या ओळीपर्यंत वाचा. वाचता येत नसेल तर विचारा. आणि कोणी विचारायला आलं तर त्याला तुमच्या पायरीवर चढू द्या. मला तेल नाही घातलंत तरी चालेल.

ज्ञानोबा आता सत्तरीकडे झुकला आहे, डोळ्यांनी कमी दिसतं. मे महिन्यात ऊन चढलं की तो अजूनही झाडाखाली येतो, हातात ओलं फडकं घेऊन. जुनी सवय. माझ्यापर्यंत हात वर नेतो आणि मधेच थांबतो. मग खाली वाकतो आणि ते फडकं लिंबोणीच्या बुंध्याशी पिळतो.